कावेरीकांठचीं सहस्र नामें

कुंभकोणमहून आम्ही कावेरीकांठच्या भास्करराजपुरम् या खेड्यास गेलों. ब्रह्मांडपुराणांतील ललितासहस्रनामावर ‘सौभाग्यभास्कर’ हें भाष्य लिहिणारे भास्करराय अठराव्या शतकांत येथें राहिले. ते मूळचे महाराष्ट्रीय. तंजावरास १८५५ पर्यंत भोसल्यांचेंच राज्य होतें.

शुक्रवारची सांजवेळ होती. देवळांत एक वृद्ध बाई दिवा लावून नामें म्हणूं लागल्या. तमिळ आम्हांस येईना, मराठी त्यांस कळेना; परंतु ‘श्रीमाता’ हें पहिलें नाम कानीं पडतांच आमच्या मातोश्रींचा स्वर आठवला. सहस्र नामांत एकहि नाम पुन्हां येत नाहीं, असें त्या मोठ्या कौतुकानें सांगत. त्यांच्यामागें पोथी देव्हाऱ्यांत राहिली. पाठ मात्र थांबला.

मध्येंच बाईंस खोकल्याची उबळ आली आणि पुढचें नाम नकळत आमच्या तोंडून निघालें! त्यांनीं हंसून जवळ बसण्याची खूण केली. उरलेलीं नामें आम्ही दोघांनीं मिळून म्हटलीं. जेथें आम्ही चुकलों, तेथें त्यांनीं सांवरून घेतलें.

आतां दर शुक्रवारीं घरीं पोथी उघडतों. नातवंडें भोंवतीं बसतात. अर्थ मागाहून कळेल. आधीं कानांत सांठवण झाली पाहिजे.