पेट्रोसिनोची हकीकत

एकाने खोडी करावी आणि मी साऱ्या वर्गास छड्या माराव्या, असे माझ्या मास्तरकीत पुष्कळदा घडले. जोसेफ पेट्रोसिनोची हकीकत वाचताना ते आठवले. विसाव्या शतकाच्या आरंभी न्यूयॉर्कमध्ये ‘काळा हात’ या नावाने धमकीची पत्रे धाडून द्रव्य उकळणारे गुंड इटालियन होते खरे. पण ज्यांस ती पत्रे येत ते वाणी, रोटीवालेही इटालियनच! तथापि दोष साऱ्या जमातीच्या माथी. त्यापूर्वीच, १८९१ साली, न्यू ऑर्लिन्सच्या पोलीसप्रमुखाच्या खुनावरून जमावाने ११ इटालियन ठार केले. न्यायालयाने त्यांपैकी एकासही त्या खुनाबद्दल दोषी ठरविले नव्हते. गुंडांशी झुंजणारा पोलीस अधिकारी पेट्रोसिनो हाही इटलीतच जन्मलेला. १९०९ साली तपासार्थ पालेर्मोस गेला असता गोळ्या घालून त्याचा वध झाला. माझ्या वर्गातील निरपराध मुलांची नावे आठवू पाहतो, आठवत नाहीत.