तंजावरची आमटी

सांबाराच्या जन्माची गोष्ट छोट्याशा कार्टूनला शोभेल अशी आहे. तंजावरच्या भोसल्यांच्या मुदपाकखान्यात आमटी शिजत होती. आमसुलं संपली. राजाने त्याऐवजी चिंच घातली, आणि संभाजीराजांच्या नावावरून त्या आमटीला म्हणू लागले सांबार!

गोष्ट छान आहे, पण तिला पक्का आधार नाही. शिवाय चिंच-गुळाची आमटी आपल्याकडेही घरोघरी होते आणि तमिळ घरात चिंचेचं कुळंबू रोजचंच. मग चिंचेचा शोध लावायला राजा कशाला हवा?

खरं तंजावर या गोष्टीपेक्षा चविष्ट आहे. शिवरायांचे सावत्र भाऊ व्यंकोजीराजे इथे आले आणि 1855 पर्यंत भोसल्यांचं राज्य टिकलं. 1010 च्या सुमारास राजराज चोळाने पूर्ण केलेलं बृहदीश्वर मंदिर पाहायला सगळेच जातात. तुम्ही गेलात तर आवाराच्या भिंतीही पाहा. भोसले घराण्याचा इतिहास तिथे मराठीत कोरलेला आहे, तोही देवनागरीत. हा लेख दुसऱ्या सरफोजीराजांनी 1803 मध्ये कोरवून घेतला. आजूबाजूला सगळ्या पाट्या तमिळ, आणि दगडावर मात्र आपली अक्षरं! मुलांना ती वाचायला सांगा.

तिथून राजवाड्यात जा. सरस्वती महाल ग्रंथालय तिथेच आहे. तमिळ, तेलुगू, संस्कृत ग्रंथांबरोबर मोडीतले मराठी कागदही त्याने जपले आहेत. 'शरभेंद्र पाकशास्त्र' हा सरफोजींच्या काळचा मराठी पाकग्रंथ याच संग्रहातला. युद्धं आणि तह तर सगळेच दरबार लिहून ठेवतात. इथे स्वयंपाकही लिहून ठेवला.

आणि सगळंच काही पोथीत राहिलेलं नाही. तंजावरी मराठी घरांत पिठलं आजही होतं. उडदाच्या पिठाचं, दही घालून कालवलेलं डांगर तिथे 'डांगर पच्चडी' झालं आहे. पहिला शब्द आपला, दुसरा दक्षिणेतला, आणि वाटी एकच. घरात बोलली जाणारी मराठीही अशीच, तमिळ वळणाची. शाळा आणि बाजार तमिळमध्ये असताना ती घरात टिकवायची, तर रोज बोलावी लागते. जेवायला बसल्यावर 'अजून वाढू का?' हे तरी मराठीत विचारावं लागतं.

म्हणून तंजावरात सांबार खाताना 'हे आमचंच' असं सांगायची घाई करू नका. भाताबरोबर दुसऱ्यांदा मागून घ्या. ते दोन्ही घरांचं आहे.