गॉडफ्रीचे पदक

विनोदी नट आपल्याला हसवतो. त्याने काय सोसले, याची चौकशी आपण सहसा करीत नाही. आर्नल्ड रिडली या इंग्रज नटाविषयी वाचताना आमची ही चूक आम्हांला प्रकर्षाने जाणवली.

रिडली यांचा जन्म १८९६ साली बाथ येथे झाला. १९१६ मध्ये सॉमच्या रणभूमीवर ते जबर जखमी झाले; डावा हात कायमचा अधू राहिला. पुढे त्यांनी लिहिलेले ‘द घोस्ट ट्रेन’ हे नाटक १९२५ साली लंडनमध्ये गाजले. मात्र ते घरोघरी पोहोचले वयाच्या ७२व्या वर्षी. दुसऱ्या महायुद्धातील होमगार्डच्या वयस्क शिपायांवरील ‘डॅड्स आर्मी’ ही बी. बी. सी.ची मालिका १९६८ ते १९७७ पर्यंत चालली. तीत सौम्य, थकलेला गॉडफ्री त्यांनी साकारला.

१९६९च्या एका भागात गॉडफ्री कबूल करतो, की पहिल्या महायुद्धात आपण शस्त्र धरण्यास नकार दिला होता. सोबती तोंड फिरवतात. पुढे धुराने कोंदलेल्या खोपटातून तोच आपल्या कप्तानाचे प्राण वाचवतो. मग उलगडते : सॉमच्याच रणांगणातून जखमींना उचलून आणल्याबद्दल त्याला शौर्यपदक मिळाले होते!

ज्यांनी बंदूक हाती घेऊन सॉम भोगले, त्यांनीच बंदूक नाकारणाऱ्याचे धैर्य इतक्या अदबीने उभे करावे, हे आम्हांला फार मोलाचे वाटते. १९८४ साली रिडली निवर्तले. भित्रा कोण, हे ठरविण्याची घाई आपणही करतो. शेजारच्या अबोल म्हाताऱ्याच्या पेटीत कोणते पदक जपलेले असेल, कोण जाणे!