जी.ई. रोड : पूर्व कुणाची?

भिलाईची पोस्टिंग आली तेव्हा आईने विचारलं, "हे कुठं आलं रे?" मी म्हटलं, "आपल्याच हायवेवर." गंमत नव्हती ती. आमचं गाव खानदेशात, एरंडोलजवळ. तिथून जाणाऱ्या हायवेला आम्ही लहानपणापासून 'सहा नंबर' म्हणायचो. सुरतेजवळच्या हजिऱ्याहून निघून धुळे, जळगाव, अकोला, अमरावती, नागपूर करत तो कोलकात्याला जायचा. 2010 मध्ये देशभरच्या राष्ट्रीय महामार्गांचे क्रमांक बदलले. सहाचा 53 झाला आणि त्याचा शेवट ओडिशातल्या पारादीप बंदराकडे गेला. त्याच रस्त्यावर नागपूरच्या पुढे राजनांदगाव, दुर्ग, भिलाई आणि रायपूर लागतात.

इथे मात्र 53 कोणीच म्हणत नाही. पॉवर हाऊस, सुपेला, नेहरूनगर, कुठलाही पत्ता सांगायचा तर 'जी.ई. रोड'. सध्या माझी नेमणूक एनसीसीच्या बटालियनवर आहे. एका कॅम्पमध्ये कॅडेट्सना विचारलं, जी.ई. म्हणजे काय? एकाने कडक सावधान होऊन उत्तर दिलं, "सर, जनरल इलेक्ट्रिक!" खरं नाव ग्रेट ईस्टर्न रोड. पूर्वेकडचा मोठा रस्ता. पण भिलाईत उभं राहून पाहिलं तर तो दोन्हीकडे जातो, पूर्वेला आणि पश्चिमेलाही. पूर्व आहे ती नागपूरची. रस्त्याला नाव देणारा कुठे उभा होता, हे त्या नावातच कळतं.

खडकवासल्याला नकाशावाचन शिकवणारे उस्ताद सांगायचे, रस्ता नंतर बघा, आधी पाणी कुठे वाहतं ते बघा. तसं पाहिलं तर हा रस्ता चटकन समजतो. भंडाऱ्याला वैनगंगा ओलांडली की साकोली, देवरी असा तो जंगलात शिरतो. बाघनदीला महाराष्ट्र संपतो. ही बाघ नदीही वैनगंगेलाच मिळते, म्हणजे इथपर्यंतचं पाणी शेवटी गोदावरीचं. पुढे चिचोल्यानंतर राजनांदगावकडे जमीन मोकळी होते आणि दुर्गच्या अलीकडे शिवनाथ लागते. तिचं पाणी महानदीला जातं. दोन मोठ्या खोऱ्यांमधला हा पाणलोट गाडीतून जाणवतसुद्धा नाही, पण नागपूरहून पूर्वेला जाणाऱ्या प्रत्येक फौजेला, बंजाऱ्यांच्या प्रत्येक तांड्याला या जंगलपट्ट्याचा विचार करावा लागला असणार. पलीकडे होता छत्तीसगडचा धान.

1741 मध्ये भोसल्यांचे सेनापती भास्करपंत कोल्हटकर रतनपूरवर चालून आले आणि छत्तीसगड नागपूरकरांच्या ताब्यात आलं. बंगालच्या स्वाऱ्या आपण अभिमानाने वाचतो. आमच्या बटालियनशी जोडलेले एक स्थानिक शिक्षक मला शांतपणे म्हणाले, "साहेब, तुमच्याकडे घोडदळाच्या गोष्टी आहेत, आमच्याकडे वसुलीच्या." ते बिंबाजी भोसल्यांबद्दल आदराने बोलतात. बिंबाजी 1758 ते 1787 रतनपुरात राहिले, तिथल्या टेकडीवर त्यांनी राममंदिर बांधलं. पण त्यांच्यामागे नागपूरहून सुभेदार नेमून कारभार सुरू झाला, आणि मुलूख म्हणजे वसुलीची रक्कम एवढंच उरलं. जो इथे राहिला तो लक्षात राहिला. बाकीच्यांची फक्त वसुली लक्षात राहिली.

1854 मध्ये इंग्रजांनी नागपूर खालसा केलं. 1861 मध्ये मध्य प्रांत झाला, राजधानी नागपूर. तिथून जबलपूरकडे ग्रेट नॉर्दर्न रोड आणि रायपूरकडे ग्रेट ईस्टर्न. फौज लवकर पोचावी आणि माल लवकर निघावा, हा सरळ हिशेब. फौजेची गरज त्यांना नुकतीच कळली होती. 18 जानेवारी 1858 ला रायपूरच्या तिसऱ्या पलटणीतल्या हनुमानसिंह नावाच्या सैनिकाने सार्जंट-मेजर सिडवेलला ठार केलं. हनुमानसिंह कधीच सापडला नाही. त्याच्या सतरा साथीदारांना 22 जानेवारीला फाशी दिलं. अवघ्या चार दिवसांत. त्यांच्यात हिंदू होते, मुसलमान होते, हवालदार होते, साधे शिपाई होते. आपल्या पेशातली ही माणसं. रायपूरला जाणाऱ्या माजी सैनिकांनी त्यांची आठवण जरूर काढावी.

1882 पर्यंत नागपूर-छत्तीसगड रेल्वे राजनांदगावला पोचली, पण ती गोंदिया, डोंगरगडकडून गेली. साकोली-देवरीचा रस्ता तिच्यापासून दूरच राहिला. मग 1955 मध्ये सोव्हिएत रशियाशी करार झाला आणि 4 फेब्रुवारी 1959 ला भिलाईची पहिली झोतभट्टी राष्ट्रपती राजेंद्रप्रसादांच्या हस्ते सुरू झाली. आता माणसं उलट्या दिशेने पैसा न्यायला नाही, राबायला आली, त्यात मराठीही होती. जवळच राजनांदगावच्या दिग्विजय कॉलेजात 1958 पासून गजानन माधव मुक्तिबोध शिकवत होते. घरची भाषा मराठी, कविता हिंदीत. आज भिलाईचे रूळ देशभर अंथरलेले आहेत, आणि आयएनएस विक्रांतसाठी पोलाद देणाऱ्या कारखान्यांत भिलाईही होती.

पण कारखान्यापासून तासाभरावरची गावं अजून कोरडवाहू आहेत. धान कापून झाला की घरंच्या घरं कामाला बाहेर पडतात. मे 2020 मध्ये याच बाघनदीच्या नाक्यावर हजारो मजूर पोचले होते, डोक्यावर बोचकी, कडेवर पोरं. त्यांतलं एक कुटुंब आमच्या एका कॅडेट मुलीचं. तिचे आईवडील दर हिवाळ्यात नागपूरला बांधकामावर जातात. त्या वर्षी अर्धी वाट ते चालत आले. ही मुलगी ड्रिलमध्ये पहिली येते, पोलीस भरतीची तयारी करते.

ग्रेट ईस्टर्नची गोष्ट मी सांगून झाल्यावर तिने हात वर केला. "सर, आमच्या गावात याला जी.ई. रोड म्हणत नाहीत."

"मग काय म्हणतात?"

"नागपूर रोड."

तिच्या गावाला हा रस्ता पश्चिमेचा आहे, घरातली माणसं घेऊन जाणारा. मी तिला फळ्याजवळ बोलावलं आणि नकाशावर तिच्या गावापासून रस्ता काढायला सांगितलं. तिने सुरुवात आपल्या गावापासून केली आणि बाण दोन्हीकडे काढले.