चौकटीबाहेरचा कोपरा

मोतीबिंदूच्या ऑपरेशनआधी डॉक्टरांनी विचारलं, "लांबचं स्पष्ट हवं की जवळचं?" मला ऐकू आलं, मैदान की मॉनिटर? मी लांबचं मागितलं. एकाही निर्मात्याला ते रुचलं नसतं.

२ ऑक्टोबर १९७२ ला मुंबई दूरदर्शन सुरू झालं आणि पुढे आम्ही रेडिओवरची मंडळी तिकडे बोलायला गेलो. बाळ ज. पंडितांचं क्रिकेटचं समालोचन ऐकून तयार झालेले आम्ही. आपण गप्प बसलो की ऐकणाऱ्याचा खेळ थांबतो, हे अंगात मुरलेलं. इथे पहिलीच तंबी मिळाली : दिसतंय ते सांगत बसू नका. ते जमलं. दिसत नाही ते सांगायचं का, हे कोडं मात्र मला आजही छळतं.

कबड्डीत तर फारच. कॅमेरा चढाईपटूच्या मागे. तो डाव्या कोपऱ्याशी खेळत असतो, आणि तिकडे उजवा कोपरारक्षक टाचा उचलून, चवड्यांवर, बोट-बोट आत सरकत असतो. पडद्यावर तो नाहीच. सांगावं तर घरचे म्हणणार, हा बघतोय काय? न सांगावं तर पकड आभाळातून पडल्यासारखी. त्यात चित्र कृष्णधवल. लाल बनियन आणि हिरवी बनियन, दोन्ही करड्याच. रंग आले १९८२ च्या दिल्ली एशियाडला.

मग मी मॉनिटर सोडून तिरक्या नजरेने मैदान बघायचो आणि नुसतं म्हणायचो, "उजवा कोपरा फार शांत आहे." लगेच घोट्याला मिठी! लोक म्हणत, तुम्हाला आधीच कसं कळतं हो? मी नुसता हसायचो. एखाद्या पानवाल्याने त्यावरून पैसे नाकारले की स्वारी दिवसभर हवेत.

२०१४ मध्ये प्रो कबड्डी आली. मॅट, झगमगाट, हव्या त्या बाजूने रीप्ले. पकड झाल्यावर समालोचक जिवाच्या आकांताने ओरडतात. त्यासाठी प्रेक्षक आहेत की. मत्सर म्हणा हवं तर. तेवढे कॅमेरे मला कुणी दिले नव्हते.

सध्या एक मुलगी शिकायला येते. खेळाडूंचे आकडे तोंडपाठ, आवाज माझ्यापेक्षा चांगला, पण मान मॉनिटरवरून हलत नाही. परवा सरावाला मी त्यावर टॉवेल टाकला.

"सर, मग लोकांना काय दिसतंय ते मला कसं कळणार?"

प्रश्न चोख होता. टॉवेल मी काढला नाही.