नाहीसे झालेले बटण

खेळ जिंकण्यात आनंद आहे खरा. पण तो आपण कसा जिंकला हे दुसऱ्यास सांगण्यात त्याहून कांकणभर अधिक आनंद आहे. जत्रेच्या फडातून मल्ल परतला म्हणजे तालमीत रात्रभर कुस्तीचे वर्णन चाले, आणि प्रत्येक सांगण्यागणिक प्रतिपक्षी मल्ल वीतभर उंच होत जाई. हल्लीच्या मुलांना ही सवलत उरलेली नाही. संगणकावर किंवा कन्सोलवर खेळणारा मुलगा "मी असा गोल मारला" असे म्हणण्याचा अवकाश, की सवंगडी विचारतात, "व्हिडिओ कुठे आहे?" आणि नेमके त्याच वेळी व्हिडिओ घेण्याचे बटण जागेवर नसते.

वाकडला आमच्या सोसायटीतील मुले ही तक्रार घेऊन माझ्याकडे येऊ लागली, त्यास आता बरीच वर्षे झाली. नोकरी संगणकाची, घर पहिल्या मजल्यावर आणि रविवारी सकाळी दार उघडे ठेवण्याची सवय, एवढ्या भांडवलावर मनुष्य वैद्य ठरतो! "काका, रेकॉर्डिंगचा ऑप्शनच गायब झालाय," हे वाक्य मी इतक्या वेळा ऐकले आहे की, मुलगा उंबऱ्यावर उभा राहताच त्याच्या मुद्रेवरून मला ते ऐकू येऊ लागते. 'गायब' या शब्दाशी मात्र माझे कायमचे भांडण आहे. गायब म्हटले की चोराचा किंवा भुताचा संशय येतो, आणि मग मुलगा घाबऱ्या घाबऱ्या सगळी सेटिंग्ज उलटीपालटी करून बसतो. वस्तुतः ते बटण बहुधा कोणीतरी 'नाही' म्हटल्यामुळे दिसेनासे झालेले असते. कधी यंत्र स्वतःच नाही म्हणते, कधी कचेरी, कधी खेळ रचणारा, आणि कधी घरातलेच माणूस. म्हणून "बटण कुठे गेले?" असे न विचारता "नाही कोण म्हणाले?" असे विचारावे, हा माझा शिरस्ता आहे. उत्तर मिळाले म्हणजे पुढे विनंती करावयाची, खटपट करावयाची, की मुकाट्याने मान तुकवावयाची, हे आपोआप ठरते.

यंत्राचा नकार समजावून घेण्यासारखा आहे. पडद्यावरील एका चित्रात आडवे 1920 आणि उभे 1080 असे बिंदू धरले, तर एकूण 20,73,600 बिंदू होतात. प्रत्येक बिंदूचा रंग नोंदावयास तीन बाइट लागतात, आणि खेळात अशी चित्रे सेकंदास साठ येतात. गणित आवडणाऱ्या विद्यार्थ्याने कागद घेऊन गुणाकार करून पाहावा. सेकंदास सुमारे 373 मेगाबाइट असे उत्तर येईल. हा लोंढा जसाच्या तसा साठवावयाचा म्हटले, तर घरातील संगणक काही मिनिटांतच तुडुंब भरेल. यास्तव चित्रे येतील तशी ती दाबून लहान करावी लागतात, आणि खेळाचा वेग न मोडता हे काम करणारा एक स्वतंत्र भाग ग्राफिक्सच्या चिपमध्ये असतो. जुन्या संगणकात तो नसतो, किंवा असूनही त्याचा ड्रायव्हर जुनाट झालेला असतो. मग विंडोज निमूटपणे कळविते की, हे यंत्र या कामास पुरे पडत नाही. ड्रायव्हर नवा घालून पाहावा. तेवढ्याने भागले नाही, तर यंत्राशी वाद घालण्यात अर्थ नाही.

विंडोजमध्ये ही सोय 2015 साली विंडोज 10 बरोबर आली. विंडोजचे बटण आणि जी ही अक्षरे एकदम दाबली की गेम बार नावाची पट्टी उघडते. विंडोज, ऑल्ट आणि आर ही तिन्ही एकदम दाबली की चित्रण सुरू होते. पुष्कळ मुले ही पट्टी संगणकाच्या मोकळ्या डेस्कटॉपवर उघडतात आणि बटण निर्जीव पाहून हताश होतात. ती पट्टी डेस्कटॉपचे किंवा फाइलींच्या खिडकीचे चित्रण करीतच नाही. खेळ सुरू करून मग ती उघडावी. माझ्याकडे आलेल्या कित्येक तक्रारींचे निवारण या एका वाक्यात झालेले आहे, आणि चहा मात्र मलाच करून पाजावा लागला आहे!

आमच्या भागात विशेषत्वाने आढळणारे दोन नमुने येथे सांगितले पाहिजेत. भूमकर चौकातून रोज सकाळी हिंजवडीकडे जो मोटारींचा पूर लोटतो, त्यातील बहुतेकांच्या पाठीवरील पिशवीत कंपनीचा लॅपटॉप असतो. शनिवारी तो घरी असतो, आणि मुलाची दृष्टी त्यावर जाते. त्या लॅपटॉपवर चित्रणाची सेटिंग्ज फिकी पडलेली दिसतात आणि वर बारीक अक्षरांत लिहिलेले असते की, यातील काही सेटिंग्ज आपल्या संस्थेच्या ताब्यात आहेत. हा नकार कचेरीचा आहे. पडद्याचे चित्रण चालू ठेवले, तर खेळाबरोबर कचेरीची कागदपत्रेही त्यात यावयाची, हे कचेरी जाणते. ते कुलूप उघडण्याच्या युक्त्या मुलांना कोठून तरी कळतात, आणि मोठ्या अभिमानाने ती मला त्या सांगतात. मी त्या कधीच करून देत नाही. वडिलांच्या नोकरीवर बेतेल अशी युक्ती ही युक्तीच नव्हे.

दुसरा नमुना परदेशातून येतो. चाकणच्या मोटारधंद्यामुळे आणि हिंजवडीच्या संगणकधंद्यामुळे येथील पुष्कळ कुटुंबे दोन-चार वर्षे युरोपात राहून परततात, आणि येताना लॅपटॉप घेऊन येतात. त्यातील एखाद्यावर विंडोजची 'एन' नावाची आवृत्ती असते. 2004 साली युरोपीय आयोगाने मायक्रोसॉफ्टला 49 कोटी 70 लाख युरो दंड केला, आणि मीडिया प्लेअर वगळलेली विंडोजही बाजारात ठेवावी असा हुकूम दिला. त्या निवाड्यातून ही आवृत्ती जन्मास आली. तीत चित्र-ध्वनीची साधने मुळातच नसतात, त्यामुळे चित्रणही चालत नाही. मीडिया फीचर पॅक नावाचा जोड विनामूल्य मिळतो; तो सेटिंग्जमधून घालून संगणक एकदा बंद-चालू केला की काम होते. ब्रुसेल्समधील निकालाचा परिणाम वाकडच्या सातवीतील मुलाच्या क्रिकेट-गेमवर व्हावा, याची मला अजून मौज वाटते.

आता घरातल्या नकाराची गोष्ट. गेल्या उन्हाळ्यात दोन मुले माझ्याकडे आली. दोघेही एकाच वर्गातले. कन्सोल एकाच्या घरी होता, दुसऱ्याच्या घरी नव्हता. दोघांनी मिळून माइनक्राफ्टमध्ये वर्षभर खपून वाकड गाव बांधले होते. हा खेळ स्वीडनमधील मोयांग कंपनीचा. 2011 साली तो पूर्णरूपाने प्रसिद्ध झाला. त्यात ठोकळ्यावर ठोकळा रचून वाटेल ते उभारता येते. या दोघांनी म्हातोबाचे देऊळ उभारले होते, मुळा नदी वाहविली होती, आणि हनुमान जयंतीस हिंजवडीहून वाकडला येणारे बगाडही लाकडी ठोकळ्यांचे करून वाटेवर उभे केले होते. ज्याच्या घरी कन्सोल होता त्याच्या वडिलांची बेंगळूरला बदली झाली होती, आणि सोमवारी सामान नेणारी गाडी यावयाची होती. कन्सोल त्यांच्याबरोबर जाणार. मागे राहणाऱ्या मुलाजवळ त्या गावाचे काहीच राहणार नव्हते. म्हणून एक व्हिडिओ करून ठेवावा असा बेत होता. आणि चित्रणाची ओळ फिकी!

मी जाऊन पाहिले. खाते मुलाचे होते आणि त्यावर कौटुंबिक निर्बंध घातलेले होते. "नाही कोण म्हणाले?" हा माझा नेहमीचा प्रश्न या खेपेस स्वयंपाकघराच्या दारात उभा होता.

"मीच बंद केलंय ते," त्याची आई म्हणाली. "दोन वर्षांपूर्वी एका मुलानं असाच व्हिडिओ सगळ्यांना पाठवला. खेळ राहिला बाजूला, मागं त्याच्या आईचं फोनवरचं बोलणं स्पष्ट ऐकू येत होतं. आम्ही अमुक तारखेला गावाला जाणार, किल्ली अमक्याकडे ठेवणार, सगळं."

"वहिनी, तुमचं बरोबर आहे," मी म्हणालो. कारण ते बरोबरच होते. मुले माझ्याकडे अशा दृष्टीने पाहू लागली की, जणू मी त्यांचा वकील होऊन प्रतिपक्षास सामील झालो होतो. माइक बंद करून चित्रण घेता येईल असे मी सुचविले. त्यावर मागे राहणारा मुलगा हलक्या आवाजात म्हणाला, "काकू, आमचा आवाज नसेल तर काय उपयोग? कुठलं काय ते आम्ही सांगणार होतो."

बाई क्षणभर काही बोलल्या नाहीत. मग पदराला हात पुसून त्या पडद्यासमोर येऊन बसल्या. "आधी मला दाखवा, काय केलंय ते." मुलांनी त्यांना देवळापासून नेले. बगाड पाहून त्या हसल्या. नदीच्या काठाने, पुलाखालून, आमच्या सोसायटीच्या फाटकातून वर चढत मुलांनी त्यांना त्यांच्याच घराच्या खिडकीशी आणून उभे केले. खिडकीत दिवा लावलेला होता. वर्षभर त्याच खोलीत हे बांधकाम चालले होते, आणि त्यांनी ते एकदाही पाहिले नव्हते. "माझ्या कुंड्या कुठायत?" एवढेच त्या म्हणाल्या. मुलाने तेथल्या तेथे चार कुंड्या ठेवून दिल्या.

नंतर त्यांनी आपल्या फोनवरून ती परवानगी उघडली. अट एवढीच की, दार लावून घ्यावयाचे, आणि व्हिडिओ त्या दोन घरांबाहेर जाऊ द्यावयाचा नाही. शेजारच्या खोलीत वडिलांनी फोनवर बोलू नये अशी ताकीद मुलांनीच दिली, आणि ती पाळलीही गेली. मी बाहेर बसून होतो. आतून दोघांचे आवाज येत होते. "हे मी बांधलं," "नाही, हे मी," असा वादही मध्येच झाला, आणि तो तसाच व्हिडिओत राहिला आहे.

खेळ रचणाऱ्यांच्या नकाराविषयी थोडेसेच सांगतो. प्लेस्टेशन 4 हा कन्सोल 2013 साली निघाला तेव्हा त्याच्या हातातील यंत्रावर 'शेअर' नावाचे बटणच बसविलेले होते. तथापि एखाद्या कथेचा शेवट आधीच उघड होऊ नये म्हणून खेळाचे कर्ते काही प्रसंगांचे चित्रण बंद करू शकतात, आणि तेथे ते बटण दाबून उपयोग होत नाही. प्रसंग सरला की चित्रण पुन्हा चालू होते. बाहेरील कॅप्चर कार्ड लावणाऱ्यांना पडदा संपूर्ण काळा दिसतो, तो एचडीसीपी नावाच्या संरक्षणामुळे; प्लेस्टेशन 4 व 5 मध्ये खेळापुरते ते सेटिंग्जमधून बंद करता येते. निन्टेन्डोचा स्विच 2017 च्या मार्चमध्ये आला, तेव्हा त्यावर केवळ स्थिर चित्र घेता येत असे. व्हिडिओची सोय त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात आली, तीही मागील तीस सेकंदांपुरती आणि ज्या खेळात कर्त्यांनी मुभा दिली असेल तेवढ्यांतच. 'राजी' हा आपल्या पुण्यातील नॉडिंग हेड्स गेम्स या मंडळींनी रचलेला खेळ 2020 च्या ऑगस्टमध्ये प्रथम याच स्विचवर प्रसिद्ध झाला. त्यातील देखाव्यांवर पहाडी चित्रशैलीची छाया आहे, आणि मधल्या कथाप्रसंगांत बाली बेटावरील छायाबाहुल्यांची पद्धत घेतली आहे. असा एकेक देखावा ज्यांनी महिनोन्महिने रंगविला, त्यांनी त्यातील काय बाहेर दाखवावयाचे हे ठरविले, तर त्यांच्यावर रुसण्याचे कारण मला दिसत नाही.

ज्यांच्या विंडोजमध्ये यातील काहीच जमत नाही, त्यांनी ओबीएस स्टुडिओ घालून पाहावे. ह्यू बेली यांनी 2012 मध्ये सुरू केलेला हा प्रोग्राम विनामूल्य आहे. लॅपटॉपवर त्यात काळा पडदा दिसला, तर दोन ग्राफिक्स चिप आहेत की काय ते तपासावे. खेळ एका चिपवर आणि ओबीएस दुसरीवर चालत असले, तर एकास दुसऱ्याचे चित्र दिसत नाही. विंडोजच्या ग्राफिक्स सेटिंग्जमध्ये दोघांना एकाच चिपवर बसवावे.

आणि जागा! दाबून लहान केलेले चित्रणदेखील, सेकंदास दहा मेगाबिट या हिशेबाने, तासास साडेचार गिगाबाइट खाते. जागा संपली म्हणजे बटण असूनही नसल्यासारखे होते. प्लेस्टेशन 5 वरून फोनच्या अ‍ॅपमध्ये आपोआप आलेली चित्रणे तेथे चौदाच दिवस राहतात. तेवढ्यात ती उतरवून घेतली पाहिजेत. त्या दोघा मुलांना मी दोन पेनड्राइव्ह आणावयास सांगितले. दत्तमंदिर रस्त्यावरील दुकान बंद होण्यापूर्वी ते धावत जाऊन आले, आणि रविवारी रात्री साडेनऊपर्यंत गावाच्या दोन प्रती तयार झाल्या.