मिरजेतला उन्हाळा

१२ एप्रिल
समोरच्या शिरीषाच्या ढोलीत राखी धनेशाची मादी अखेर बसली. नर बाहेरून मातीच्या गोळ्या आणून देतो, ती आतून स्वतःच्या विष्ठेत कालवून दार लिंपते. आता उरलीय एक उभी फट. आत तिची पिसं झडतील, म्हणजे मनात आलं तरी उडता यायचं नाही.

१९ एप्रिल
सतारमेकर गल्लीत जाऊन आले. माझ्या तंबोऱ्याचा भोपळा पाण्यात भिजतोय. पंढरपूरकडचा, कडू जातीचा. भिजला की तोंड कापायचं, आतला वाळका गर खरवडायचा, घेराला आकार द्यायचा, पुन्हा वाळवायचं. कधी होईल हे विचारायचं नाही, असं ठरवून गेले होते, विचारलंच. तंबोरा घडवणारे चाचा म्हणाले, "भोपळ्यालाच विचारा, ताई."

४ मे
भर उन्हात नर आला. गळ्यात साठवलेली वडाची फळं एकेक करून वर काढतो, चोचीच्या टोकाशी आणतो, फटीत सरकवतो. मान झटकली की पुढचं फळ. शेजारच्या काकू म्हणतात, नवरा असावा तर असा. मला मात्र धास्तीच वाटते. त्याला काही झालं तर? एका चोचीवर अख्खा संसार!

२४ मे
माझ्या तंबोऱ्याला अजून तारा नाहीत. दुसऱ्याच कुणाच्या तंबोऱ्याची जवारी चालली होती, तीच बघत बसले. घोडीचा माथा वरवर सपाट. खरं तर त्याला पुसटसा उतार असतो. कानस दोनदा फिरवायची, तार चढवायची, छेडायची, तोंड वाकडं करून पुन्हा उतरवायची. गल्लीतले हे कारागीर मूळचे शिकलगार, हत्यारांना धार लावणारे. एकोणिसाव्या शतकात वाद्यांकडे वळले. शेवटी तारेखाली सुती दोरा, केसभर मागे, केसभर पुढे. एका जागी आवाज एकदम उघडला आणि खर्जातून गंधार आपसूक बोलला. चाचांनी पुन्हा कानस उचलली! मला तर झालं असंच वाटलं होतं.

१ जून
लिंपण फोडून मादी बाहेर आली. पिल्लं आतच आहेत, आता दोघं भरवतात. संध्याकाळी चाचांचा फोन: पावसाळी हवेत पॉलिश धरत नाही, तंबोरा दसऱ्यापर्यंत मिळेल. आईला सांगितलं. म्हणाली, "तोवर जुनाच छेड. तुझा खर्ज तरी कुठे लागतोय अजून!"